कार्डाची साक्ष आणि कार्डाची कसोटी : खोट्या क्षमतेच्या पेन ड्राइव्हचा छोटा इतिहास

 

विषय जाहीर झाल्यावर दोघा-तिघांनी मला विचारलं, "सर, तत्त्वज्ञान सोडून एकदम पेन ड्राइव्ह?" सोडलेलं काही नाही. वर्गात मी वर्षानुवर्षं मुलांना एकच प्रश्न वेगवेगळ्या वेषांत विचारत आलो. तुला जे कळलं असं तू म्हणतोस, ते बरोबर आहे हे कशावरून? आज हाच प्रश्न नखाएवढ्या मेमरी कार्डाला विचारायचा आहे. कार्ड म्हणतं, "माझ्यात ६४ जीबी मावतात." कशावरून?

आधी फसवणूक नेमकी काय असते ते सांगतो, म्हणजे पुढचं समजायला सोपं जाईल. कार्डावर ६४ जीबी छापलेलं असतं. संगणकाला किंवा फोनला जोडलं की तोही तेवढाच आकडा दाखवतो. आत मात्र चिप असते ८ जीबीची. तुम्ही फाइली टाकत जाता, कार्ड त्या घेत जातं, कुठेही तक्रार करत नाही. नावं दिसतात, तारखा दिसतात, आकारही बरोबर दिसतात. पण आठ जीबीच्या पुढे जे टाकलं ते कुठे गेलेलंच नसतं, किंवा आधी टाकलेल्यावर जाऊन बसलेलं असतं. हे कळतं केव्हा? फाइल उघडायची गरज पडते तेव्हा. म्हणजे बहुतेक वेळा फार उशिरा.

यात जातं काय तेही सांगतो. माझ्या ओळखीची एक संशोधक मुलगी धरणाच्या पाण्याखाली गेलेल्या गावांतल्या म्हाताऱ्या माणसांच्या मुलाखती घेत हिंडत होती. रेकॉर्डरमध्ये नवं कोरं ६४ जीबीचं कार्ड. चाळीस तासांचं ध्वनिमुद्रण झालं. रोज संध्याकाळी ती यादी बघायची. नाव आहे, आकार आहे, ठीक आहे. घरी येऊन ऐकायला बसली, तर पहिले बारा-साडेबारा तास स्वच्छ, आणि त्यापुढच्या एकाही फाइलमध्ये माणसाचा आवाज नाही. कार्ड मुळात आठ जीबीचं होतं. पुढच्या मुलाखती देणाऱ्यांपैकी दोघं जण तोवर गेले होते. कार्डाचे पैसे दुकानदाराने निमूट परत दिले. बाकी काही परत मिळण्यासारखं नव्हतं.

तर हा प्रश्न पाचशे-हजार रुपयांचा नाही. आता इतिहासाकडे वळू.

तुमच्यापैकी जे पन्नाशीच्या पुढचे आहेत त्यांना ध्वनिफितीची कॅसेट आठवत असेल. साठ मिनिटांची कॅसेट, नव्वद मिनिटांची कॅसेट. तिथे लांबीविषयी खोटं बोलून फार काळ निभावत नसे, कारण फीत संपली की संपली. बटण खटकन वर येई. साठवणाची वस्तू भरली की ती स्वतःच थांबायची. थांबणं हाच तिचा प्रामाणिकपणा.

मग फ्लॉपी आली. साडेतीन इंची फ्लॉपीचे दोन प्रकार सर्रास चालायचे. एक ७२० केबीचा, दुसरा १.४४ एमबीचा. दोन्ही दिसायला जवळजवळ सारख्या, फक्त जास्त क्षमतेच्या फ्लॉपीला कोपऱ्यात एक जादा भोक असायचं. यंत्र ते भोक चाचपून ठरवायचं की ही मोठी आहे. मग काही हुशार मंडळींनी काय केलं? स्वस्तातली ७२० केबीची फ्लॉपी घेऊन तिलाच भोक पाडायला सुरुवात केली. यंत्र फसायचं, फ्लॉपी १.४४ एमबीची म्हणून तयार व्हायची. काही दिवस चालायचीही. मग एखाद्या सकाळी त्यातला मजकूर वाचता यायचा नाही, कारण आतलं चुंबकीय लेपन त्या दाटीसाठी केलेलंच नव्हतं.

हे उदाहरण लक्षात ठेवा. फसवणारा आणि फसणारा इथे एकच माणूस आहे, त्यामुळे गुन्हा वगैरे काही नाही. पण पुढच्या सगळ्या गोष्टीचं बीज इथे आहे. यंत्राने वस्तूची क्षमता मोजली नाही. वस्तूने जी खूण दाखवली तिच्यावर विश्वास ठेवला.

आता फ्लॅश मेमरी. तोशिबा कंपनीतले जपानी अभियंते फुजिओ मासुओका यांनी १९८४ साली ही कल्पना जगापुढे मांडली आणि १९८७ साली तिचा 'नँड' नावाचा प्रकार. आज आपल्या पेन ड्राइव्हमध्ये आणि कार्डांमध्ये असते ती हीच नँड. 'फ्लॅश' हे नाव त्यांच्या एका सहकाऱ्याने सुचवलं असं सांगतात. मोठा भाग क्षणात पुसला जातो, कॅमेऱ्याच्या फ्लॅशसारखा, म्हणून.

नँडचा मोठा गुण म्हणजे ती दाट आणि स्वस्त असते. आणि स्वस्त असण्याचं एक कारण हे की ती निर्दोष असावी असा आग्रह कोणी धरत नाही. कारखान्यातून बाहेर पडतानाच तिच्यातले काही कप्पे खराब असतात. वापरता वापरता आणखी काही झिजून निकामी होतात. मग अशी चिप वापरायची कशी? तर तिच्याबरोबर एक छोटा नियंत्रक बसवायचा. कंट्रोलर.

या कंट्रोलरला आपण गोदामाचा मुनीम म्हणू. गोदामात काही कोपरे गळके आहेत. मुनिमाला ते ठाऊक आहेत. बाहेरचा व्यापारी आत जात नाही; तो मुनिमाला म्हणतो, पाच हजार सातशे नंबरच्या जागी हे पोतं ठेव. मुनीम गळका कोपरा टाळून दुसरीकडे ठेवतो आणि स्वतःच्या वहीत नोंद करतो. व्यापाऱ्याला वाटतं, गोदामात सगळ्या जागा एका रांगेत आहेत, धडधाकट आहेत. प्रत्यक्षात तसं नसतं. हे चांगलंच आहे, कारण त्यावाचून इतकी स्वस्त मेमरी आपल्याला मिळालीच नसती.

पण परिणाम बघा. गोदामात किती जागा आहे हे बाहेरच्याला कळायला मुनिमाच्या शब्दावाचून दुसरा मार्ग उरला नाही. पेन ड्राइव्ह जोडला की संगणक त्याला एक ठरलेला प्रश्न विचारतो, तुझा शेवटचा कप्पा कितवा, आणि एकेक कप्पा केवढा? पेन ड्राइव्ह दोन आकडे सांगतो. गुणाकार झाला की ती त्याची क्षमता. एसडी कार्डातही असंच. क्षमतेची माहिती कार्डातच एका छोट्या नोंदकोशात लिहिलेली असते आणि फोन ती वाचतो. कुठेही मोजमाप होत नाही. जबानी घेतली जाते.

ज्यांनी हे नियम बनवले ते भाबडे होते असं मी म्हणणार नाही. यूएसबीची पहिली आवृत्ती १९९६ सालची. तिच्या प्रमुख शिल्पकारांपैकी एक अजय भट्ट, हे बडोद्याच्या सयाजीराव विद्यापीठात शिकलेले. एसडी कार्ड सॅनडिस्क, मात्सुशिता आणि तोशिबा या तिघांनी मिळून १९९९ साली आणलं. त्या वेळी कार्ड बनवणारे मोजके, सगळे एकमेकांना ओळखणारे. आपल्याच यंत्राच्या एका भागाने दुसऱ्या भागाशी खोटं बोलावं, असं कोणाच्या मनात का यावं? वस्तू कोणती हे वस्तूनेच सांगायचं, आणि वापरणाऱ्याने नुसतं जोडायचं. तेव्हा ही सोय होती.

पेन ड्राइव्ह २००० साली बाजारात आला. सिंगापूरच्या ट्रेक कंपनीचा 'थंबड्राइव्ह', आणि इस्रायलच्या एम-सिस्टिम्सने बनवलेला, आयबीएमने विकलेला ८ एमबीचा ड्राइव्ह. आठ एमबी! पाचेक फ्लॉपी एका किल्लीएवढ्या वस्तूत. आज हसू येतं, तेव्हा अप्रूप होतं. २००५ च्या सुमारास मायक्रोएसडी आलं, १५ मिलिमीटर बाय ११ मिलिमीटर, एक मिलिमीटर जाड.

आणि इथे चार गोष्टी एकत्र आल्या. पहिली, बाहेरून सगळी कार्डं सारखी. ८ जीबीचं आणि ६४ जीबीचं कार्ड वजनाने, आकाराने, रंगाने ओळखता येत नाही. दुसरी, किंमत मात्र क्षमतेप्रमाणे अनेक पटींनी वेगळी.  तिसरी, क्षमता वस्तूनेच सांगायची. आणि चौथी, खोटं उघडकीला येतं ते महिन्यांनी, कार्ड खऱ्या क्षमतेपलीकडे भरल्यावर. तोवर विकणारा दूर गेलेला. यांतली एकही गोष्ट नसती तर हा धंदा उभा राहिला नसता.

कंट्रोलरला क्षमता शिकवण्याचं काम कारखान्यात एका प्रोग्रामने होतं. ते गरजेचंच आहे, कारण प्रत्येक चिप वेगळी असते. तोच प्रोग्राम लबाडाच्या हाती पडला की आठच्या जागी चौसष्ट लिहायचं, एवढंच काम. त्याला कारखाना लागत नाही, एक संगणक आणि काही मिनिटं पुरतात. नव्या सहस्रकाच्या पहिल्या दशकात ईबेसारख्या लिलावाच्या बाजारातून असा माल देशोदेशी पोहोचला.

या गोष्टीच्या आत शिरून पाहणारा एक माणूस म्हणजे अँड्र्यू हुआंग, 'बनी' या नावाने ओळखला जाणारा अमेरिकन अभियंता. एका छोट्या उपकरणाचं उत्पादन चीनमध्ये चालू असताना त्याला काही मायक्रोएसडी कार्डं बिघडलेली आढळली. त्याने शेन्झेनच्या हुआचियांगबेई या इलेक्ट्रॉनिक बाजारातून आणखी कार्डं आणली, छपाई ताडून पाहिली, आतले क्रमांक वाचले, कार्डं फोडून चिपा सूक्ष्मदर्शकाखाली धरल्या आणि २०१० साली ते सगळं लिहून काढलं. त्याचं म्हणणं थोडक्यात असं की अस्सल आणि नकली यांच्यामध्ये स्पष्ट रेघ नाही. नाकारलेल्या चिपा, जुन्या वस्तूंतून काढलेल्या चिपा, दुसऱ्याच कोणाच्या चिपा, या सगळ्यांवर एकच छाप बसू शकतो.

पुढे डिसेंबर २०१३ मध्ये जर्मनीत हॅम्बुर्गच्या एका परिषदेत त्याने आणि त्याचा सहकारी शॉन क्रॉस याने दाखवलं की या नखाएवढ्या कार्डात एक पूर्ण संगणक बसलेला असतो. त्यांनी तपासलेल्या कार्डांतला नियंत्रक १९८० च्या इंटेल ८०५१ च्या घराण्यातला होता, आणि ठरावीक आज्ञा दिल्या की त्याच्यात नवा प्रोग्राम घालता येत होता. म्हणजे मुनिमाला नवीन पाठ पढवता येतो. आपण ज्याला वस्तू समजत होतो, ती बोलकी होती.

ही लबाडी कुठवर जाते? ऑगस्ट २०२२ मध्ये अमेरिकेत एका सुरक्षातज्ज्ञाने 'तीस टेराबाइट' म्हणून विकली जाणारी बाह्य डिस्क उघडून दाखवली. तेव्हा ती चाळीस डॉलरांच्या आत मिळत होती. आत दोन छोटी मेमरी कार्डं, गोंदाने चिकटवलेली. आणि २०२४ च्या सुरुवातीला सीबीएल या डेटा परत मिळवून देणाऱ्या कंपनीने जर्मनीतून सांगितलं की त्यांच्याकडे दुरुस्तीला येणाऱ्या पेन ड्राइव्हमध्ये निर्मात्याचं नाव खरवडून काढलेल्या, नाकारलेल्या चिपा वाढत चालल्या आहेत. काहींत तर चिपेच्या जागी चक्क मायक्रोएसडी कार्ड डकवलेलं.

आता ओळखायचं कसं? इथे मला आपल्याकडची जुनी पारख आठवते. कौटिल्याच्या अर्थशास्त्रात वजनं-मापं तपासायला पौतवाध्यक्ष नावाचा अधिकारी आहे, आणि खोटी तागडी वापरणाऱ्या व्यापाऱ्याला दंड आहे. मराठेशाहीत नाणी पारखणारा पोतदार होता. आजही हे आडनाव आपल्यात आहे. सोनं कसोटीच्या काळ्या दगडावर घासून त्याचा कस बघायचा, ही तर आपल्या भाषेतच मुरलेली गोष्ट. मुघलकाळातल्या चांदीच्या रुपयांवर सराफांनी ठोकलेल्या बारीक खुणा असतात. वर चांदीचा मुलामा आणि आत तांबं असलं तर ते या घावाने उघडं पडायचं. इंग्लंडमध्ये टांकसाळीतली काही नाणी पेटीत बाजूला ठेवून ती जाहीरपणे तपासायची पद्धत आहे, तिची नोंद १२८२ पासून सापडते.

या सगळ्या पारखींमध्ये एक गोष्ट समान आहे. नाणं गप्प असतं. पारखणारा पृष्ठभागाच्या खाली जातो आणि नाण्याला स्वतःच्या बाजूने बोलायची संधीच देत नाही. मेमरी कार्डाच्या बाबतीत आपण नेमकं उलटं करतो. कार्ड जोडतो आणि त्यालाच विचारतो, "तू केवढं?" हे म्हणजे नाण्यालाच विचारून चांदीचा कस लिहून घेणं.

म्हणून लोक ज्या गोष्टींना तपासणी समजतात त्यांतल्या बऱ्याच तपासण्या नाहीतच. खोक्यावरचा होलोग्राम बघितला; होलोग्रामही छापता येतो. संगणकावर 'प्रॉपर्टीज' उघडून क्षमता बघितली. ती कार्डाचीच जबानी. फॉरमॅट करून पाहिलं; झटपट फॉरमॅटमध्ये फक्त सुरुवातीची नोंदवही नव्याने लिहिली जाते, गोदाम कोणी चालून बघत नाही. दोन फाइली टाकून लगेच उघडून पाहिल्या. दोन फाइली खऱ्या आठ जीबीत सहज मावतात, शिवाय लगेच उघडलेली फाइल पुष्कळदा संगणकाच्या स्वतःच्या स्मृतीतूनच येते, कार्डापर्यंत जातच नाही.

एक गैरसमज उलट दिशेचाही आहे. ६४ जीबीचं अस्सल कार्ड घेतलं आणि संगणकावर ५९.६ दिसलं, की लोक दुकानदाराशी भांडायला जातात. इथे फसवणूक नाही. कंपनी गीगाबाइट मोजते एक अब्ज बाइटांचा. विंडोज मोजतं १,०७,३७,४१,८२४ बाइटांचा. माप वेगळं, माल तेवढाच. ३२ चे २९.८ दिसतात, १२८ चे ११९.२. उलट, स्वस्तातल्या कार्डावर आकडा बरोबर दिसला म्हणून निर्धास्त होऊ नका.

इतिहासाच्या विद्यार्थ्यांना उपयोगी पडेल अशी एक पारख आहे. १४४० साली लोरेंझो वाल्ला या इटालियन विद्वानाने 'कॉन्स्टंटाइनचं दानपत्र' बनावट ठरवलं, कारण चौथ्या शतकातल्या म्हणवल्या जाणाऱ्या त्या कागदात नंतरच्या काळातली भाषा होती. तसंच इथे करता येतं. एक टेराबाइटचं मायक्रोएसडी कार्ड प्रथम जाहीर झालं २०१९ साली. त्याआधीच्या तारखेचं 'एक टीबी' मायक्रोएसडी कोणाकडे असेल तर तपासायचीही गरज नाही. 'एसडीएक्ससी' या प्रकाराची मर्यादा नियमानेच दोन टेराबाइट आहे. त्या छापाखाली चार टीबी लिहिलेलं असेल तर तेही आपोआप खोटं. काळाचं आणि नियमांचं ज्ञान हीही कसोटीच आहे. पण ती ढोबळ लबाडी पकडते. ६४ म्हणून विकलेलं आठ तिने सापडत नाही.

त्यासाठी एकच खात्रीचा उपाय आहे. सगळं कार्ड काठोकाठ भरायचं आणि सगळं परत वाचायचं. जर्मनीत 'त्से-टे' नावाचं संगणकविषयक पाक्षिक आहे. त्याचे तेव्हाचे एक संपादक हाराल्ड ब्योगेहोल्ट्स यांनी यासाठी एच-टू-टेस्ट-डब्ल्यू हा छोटा प्रोग्राम लिहिला. त्याची २००८ ची आवृत्ती आजही विंडोजवर लोक वापरतात. लिनक्स आणि मॅकसाठी मिशेल माशादो यांनी एफ-थ्री लिहिला, तोही मोफत, आणि त्याचा स्रोतही खुला आहे. 'बनावट फ्लॅशशी लढा' असा त्या नावाचा अर्थ.

हे प्रोग्राम काय लिहितात त्यात खरी गंमत आहे. समजा आपण सगळ्या कार्डात एकच अक्षर लिहिलं. कार्डाने नवव्या जीबीचा माल पहिल्या जीबीच्या जागी टाकला, तरी वाचताना तेच अक्षर मिळेल आणि लबाडी सुटून जाईल. म्हणून प्रत्येक कप्प्यात वेगळा मजकूर लिहायचा, आणि तो असा की कप्प्याच्या क्रमांकावरून पुन्हा हिशेबाने काढता येईल. गोदामातल्या प्रत्येक पोत्यावर जागेचा नंबर घालावा, तसं. मग परत जाऊन बघायचं. नऊ नंबरच्या जागी नऊ नंबरचंच पोतं आहे का? तिथे काहीच नसेल, तर कार्ड पुढचा माल फेकून देत होतं. एक नंबरच्या जागी नऊ नंबरचं पोतं असेल, तर कार्ड गोल फिरून जुन्यावर नवं लिहीत होतं. पहिल्या प्रकारात जुन्या फाइली वाचतात आणि नव्या जातात, दुसऱ्यात नव्या वाचतात आणि जुन्या जातात. दोन्हींत यादी मात्र साबूत दिसते, कारण यादी कार्डाच्या सुरुवातीला असते आणि तेवढा भाग लबाड कार्डही जपून ठेवतं.

याची किंमत आहे ती वेळेची. दर सेकंदाला १० एमबी लिहिणारं ६४ जीबीचं कार्ड भरायला पावणेदोन तास लागतात, वाचायचा वेळ वेगळा. त्याच वेगाने एक टेराबाइट भरायला सुमारे अठ्ठावीस तास. म्हणून २०२३ मध्ये स्टीव्ह गिब्सन यांनी व्हॅलिड्राइव्ह नावाचा प्रोग्राम काढला. तो सगळीकडे न जाता कार्डाच्या लांबीभर पसरलेल्या काही शे जागीच लिहून-वाचून बघतो, टांकसाळीच्या पेटीतल्या नाण्यांसारखा नमुना. आठचं चौसष्ट केलेलं कार्ड यात काही मिनिटांत सापडतं. पण तर्काचा भेद लक्षात ठेवा. नमुन्यात एक जागा खोटी निघाली तर कार्ड खोटं, हे सिद्ध झालं. सगळे नमुने खरे निघाले, तर कार्ड बहुधा खरं, एवढंच म्हणता येतं. वस्तू जितकी मोलाच्या कामाची, तितकी पूर्ण तपासणी करावी.

आता थोडं माझ्या घरच्या विषयाकडे. आपल्या दर्शनांत एक जुना वाद आहे. मीमांसक म्हणतात, ज्ञान मुळातच प्रमाण असतं. बाधा दिसेपर्यंत त्यावर विश्वास ठेवावा. नैयायिक म्हणतात, नाही, ज्ञानाचं प्रामाण्य बाहेरून ठरतं. लांबून पाणी दिसलं. ते पाणीच आहे का मृगजळ, हे दिसण्यावरून ठरत नाही. जवळ जा, ओंजळ भर, तहान भागली तर पाणी. बौद्ध तर्कपंडित धर्मकीर्ती याच वळणाने म्हणतो की जे आपलं कार्य करून दाखवतं आणि दगा देत नाही, तेच खरं.

आपला संगणक मीमांसक आहे. कार्ड म्हणालं चौसष्ट, त्याने मानलं चौसष्ट, बाधा दिसेपर्यंत. आणि ही काही संगणकाची मूर्खपणाची चाल नव्हे. रोजचा व्यवहार असाच चालतो. प्रत्येक दुकानदाराचं प्रत्येक वजन आपण तोलायला बसलो तर भाजी घरी यायची नाही. अडचण एवढीच, की इथे बाधा दिसते तेव्हा मुलाखत दिलेली माणसं गेलेली असतात. जिथे चूक उशिरा कळते आणि भरून येत नाही, तिथे नैयायिक व्हायला हवं. आधी ओंजळ, मग प्रवासाला निघणं.

आणि नैयायिक शब्दप्रमाण नाकारत नाहीत बरं का. ते विचारतात, सांगणारा आप्त आहे का? आप्त कोण? ज्याला वस्तू जशी आहे तशी ठाऊक आहे आणि जशी आहे तशी सांगायची ज्याची इच्छा आहे. कार्डाच्या मुनिमाला किती जागा आहे ते कळतही असेल. पण त्याने काय सांगायचं ते दुसऱ्या कोणी ठरवलेलं असतं. म्हणून त्याच्या शब्दाला साक्षीइतकंच मोल द्यावं. साक्ष ऐकावी आणि पडताळावी. योगायोग असा की नैयायिक स्मृतीला प्रमाज्ञानात धरतच नाहीत. मेमरी कार्डांच्या बाजारात हिंडताना त्यांचं हे मत मला नेहमी आठवतं.

शेवटी, घरी गेल्यावर काय करायचं ते चार वाक्यांत सांगतो, कारण तेवढ्यासाठीच काही जण आले असतील.

नवं कार्ड किंवा पेन ड्राइव्ह आणला की त्यात काहीही ठेवण्याआधी, रिकामा असतानाच, तो पूर्ण भरून वाचून घ्या. लिहून झालं की एकदा काढून पुन्हा जोडा आणि मग वाचा. हे परत करण्याची मुदत संपायच्या आत करा. खोटं निघालं तर निकालाचा स्क्रीनशॉट आणि पावती जपून ठेवा. दुकानदाराने दाद दिली नाही तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा क्रमांक १९१५ आहे. आणि ते खोटं कार्ड 'असू दे आठ जीबीचं म्हणून' कोणाला देऊ नका; पुढच्या माणसाला ते पुन्हा चौसष्टच सांगणार.

आधीपासून वापरात असलेली कार्डं असतील तर घाईने त्यांच्यावर काही लिहू नका. आधी त्यातलं सगळं दुसरीकडे उतरवून घ्या आणि तिथे उघडून बघा. पहिली फाइल, मधली फाइल, शेवटची फाइल, आणि प्रत्येकीचा शेवट. यादी पाहून समाधान मानू नका. मग कार्ड रिकामं करून तपासा. तपासणीत पास झालेलं कार्डही कायमचं नसतं, फ्लॅश झिजते. जागा आहे एवढं कळलं, टिकेल किती हे कळलेलं नाही. म्हणून जे दुसऱ्यांदा मिळणार नाही, लग्नाचे फोटो म्हणा, आजीचा आवाज म्हणा, प्रबंधाची टाचणं म्हणा, ते एका कार्डाच्या भरवशावर एक रात्रही ठेवू नका.

त्या मुलीने पुढे उरलेल्या माणसांकडे पुन्हा जाऊन मुलाखती घेतल्या. दरवेळी नवं कार्ड आधी भरून-वाचून घेते आणि मगच गावाला निघते. आदल्या रात्रीचे दोन-तीन तास त्यात जातात. तिला ते जड वाटत नाहीत.